एक गुंज कमी

दसऱ्याच्या आदल्या रात्री विटा भरून येतं.
त्रिचूरहून, कोइमतूरहून, पार भटिंड्याहून
गलाईवाले येतात नव्या गाड्यांतून,
बोटांवर तेजाबाचे जुने पिवळे डाग घेऊन.
उद्या पालख्या पळतील.
आज आमच्या घरी वाटणी.

थोरल्याला भट्टी, धाकट्याला गिऱ्हाइकांची वही.
हिंदुरावमामाच्या शिसवी पेटीकडं कुणी बघितलं नाही.
ती मी मागून घेतली.
"काय करतोस तिचं?" म्हणाले.
मला तरी कुठं ठाऊक होतं.

आत पितळी पारडी, रेशमी दोऱ्या, एक तुटकी,
मासे, तोळे, गुंजांची डबी,
आणि काळ्या दगडाचा चौकोनी तुकडा, सुपारीएवढा.

त्याची गोष्ट मला माहीत आहे.
माणेक चौकात आमची भट्टी होती,
अमावास्येला बाजार बंद.
मामा म्हणाला, चल, त्या लोथलला जाऊन येऊ,
जुनं गाव निघालंय म्हणतात.
मी चौदा वर्षांचा. उन्हात नुसत्या विटा.
मामा उकिडवा बसून वीत टाकत राहिला.
"जाडीच्या दुप्पट रुंदी, रुंदीच्या दुप्पट लांबी.
ही बी तशीच. ती बी तशीच.
आपल्या विट्यात दोन भट्ट्यांची वीट जुळत न्हाई."
मग न्हाणीतून निघालेल्या गटारीमागं
वाकून वाकून चालत गेला,
पाणी अजून पुढं वाहतंय अशासारखा.

कपाटात सोन्याचे मणी होते, राळ्याहून बारीक.
मामानं चष्मा कपाळावर ढकलला
आणि श्वास धरला.
मध्ये काच होती; तरी धरला.
आमच्या धंद्यात फुंकरीनं सोनं जातं.

त्यापुढं वजनं. दगडी, धारा झिजलेल्या.
एक, त्याच्या दुप्पट, त्याच्याही दुप्पट.
मामानं पहारेकऱ्याला विट्याच्या हिंदीत विचारलं,
"इनका राजा किधर है?"
राजा सापडला नाही, काका.
"लिखा हुआ?"
आहे. वाचता येत नाही कुणाला.

एसटीत तो गप्प. धोळक्याजवळ बोलला,
"आपण दुकानाची झाडलोट पोत्यात भरतो,
धुतो, जाळतो, कण काढतो.
ते खोदणारे साहेब बी गलाईवालेच की.
चार हजार वर्सांची झाडलोट धुतली त्यांनी.
राजा न्हाई निघाला. नाव न्हाई.
माप तेवढं निघालं."

त्या दसऱ्याला रेवणगावच्या घाटातून
त्यानं हा दगड आणला.
पाट्यावर, पाणी टाकून, दर सुट्टीत घासायचा.
बरोबर एक तोळा करायचा होता.
मामी म्हणायची, मसाल्यात कच येतीया.
तिसऱ्या वर्षी एक घासा जास्त झाला.
पारडं उचललं.
एक गुंज कमी.

"मेण लावा थोडं," मामी म्हणाली.
"मापात पाप नको," मामा म्हणाला,
आणि डबीतली एक गुंज निवडून
चिंधीत बांधून दगडाला जोडीदार दिली.

आता सगळे निजलेत. बाहेर
नगरपालिकेनं गटारीसाठी खणलेला चर उघडाच,
त्यात ट्यूबलाइटचा तुकडा पडलेला.
धाकट्याचा इलेक्ट्रॉनिक काटा मी लावला.
दगड ठेवला. अकरा पूर्णांक पाच चार दोन.
चिंधीची गाठ सुटेना, दातांनी सोडली.
गुंज काळवंडलीय, डोळा कुठला कळत नाही.
तीही ठेवली.

आकडे चढले, थांबले,
शेवटचा तेवढा हलत राहिला.
काटा बिघडला असेल म्हणून वाकून बघितलं.
माझाच वारा लागत होता त्याला.

मी श्वास धरला.